सुरांचा दरफरक कोणाच्या खिशात?

७ मे २०२१ रोजी मुंबईत वनराज भाटिया वारले. ते त्र्याण्णव वर्षांचे होते. करोनाच्या दुसऱ्या लाटेचे ते दिवस. वृत्तपत्रांचे रकाने मृतांच्या आकड्यांनी भरत होते, तरीही या संगीतकारासाठी बहुतेकांनी जागा काढली. ‘अंकुर’, ‘मंथन’, ‘भूमिका’, ‘तमस’, ‘भारत एक खोज’ ही नावे ओळीने छापली गेली. समांतर चित्रपटाला त्यांनी आवाज दिला, असे सर्वांनी लिहिले, आणि ते खरेच होते. मात्र त्या श्रद्धांजलीच्या मजकुरात एक वाक्य सर्वांनीच घाईघाईने उरकले होते. शेवटची काही वर्षे त्यांनी हलाखीत काढली, एवढेच ते वाक्य.

या वाक्यामागची हकीकत दोनच वर्षांपूर्वीची होती. २०१९ च्या सप्टेंबरात मुंबईच्या वृत्तपत्रांत बातमी आली की, बँकेच्या खात्यात एक रुपयाही उरलेला नाही, असे खुद्द भाटिया सांगत आहेत. गुडघे निकामी झालेले, स्मरणशक्ती साथ सोडू लागलेली, आणि घरखर्चासाठी चिनीमातीची जुनी विलायती भांडी विकण्याची पाळी आलेली. बातमी येताच हळहळ झाली, मदतीची आवाहने निघाली, मदतही आली. सहृदय माणसांनी जे करावे ते केले. त्यांना नावे ठेवण्याचे कारण नाही. परंतु हळहळ ओसरल्यावर जो प्रश्न विचारावयास हवा होता, तो कोणी फारसा विचारला नाही. ज्याच्या चाली चार दशके या देशाच्या पडद्यांवरून आणि घराघरांतील दूरदर्शन संचांतून वाजत राहिल्या, त्याला नव्वदीनंतर मदतीची वाट का पाहावी लागली?

‘हलाखी’ हा शब्द फसवा आहे. तो ऐकला की आपण नशिबाकडे तरी बोट दाखवतो, नाहीतर कलावंताच्या अव्यवहारीपणाकडे. दोन्हींमुळे आपली सुटका होते. प्रस्तुत लेखकाचे म्हणणे असे की, या प्रकरणात नशिबाचा भाग थोडा आणि व्यवस्थेचा भाग मोठा आहे. संगीतकाराचे श्रम एकदाच पैसे मोजून कायमचे विकत घ्यायचे आणि त्या श्रमांतून पुढे वर्षानुवर्षे जे उत्पन्न होईल त्यात त्याचा वाटा मानायचा नाही, ही रीत आपल्या चित्रपटधंद्याने पाडली, कायद्याने ती दीर्घकाळ उचलून धरली, आणि आपण सुसंस्कृत प्रेक्षकांनी तिच्याकडे डोळेझाक केली.

पॅरिसहून जाहिरातींकडे

भाटियांचा जन्म ३१ मे १९२७ चा, मुंबईतील कच्छी कुटुंबातला. हिंदुस्थानी संगीताचे धडे त्यांनी प्रा. बा. र. देवधरांच्या संगीत विद्यालयात घेतले. कुमार गंधर्व ज्या विद्यालयात घडले तेच हे विद्यालय. पुढे पियानोने त्यांना ओढून घेतले. १९४९ मध्ये एल्फिन्स्टन महाविद्यालयातून इंग्रजी घेऊन एम. ए. झाल्यावर ते लंडनच्या रॉयल अ‍ॅकॅडमी ऑफ म्युझिकमध्ये दाखल झाले आणि १९५४ मध्ये सुवर्णपदक घेऊन बाहेर पडले. तेथील त्यांच्या शिक्षकांत अ‍ॅलन बुश होते. हे गृहस्थ आयुष्यभर साम्यवादी राहिले आणि १९३६ मध्ये त्यांनी ब्रिटनमधील कामगारांच्या गायनवृंदांसाठी संघटना उभारली. त्यानंतर भाटिया पॅरिसला गेले आणि नादिया बूलांजे या विख्यात शिक्षिकेच्या हाताखाली १९५९ पर्यंत शिकले. अमेरिकेचा एरन कोपलंड जिच्यापाशी शिकला, तीच ही शिक्षिका.

एवढी विद्या घेऊन माणूस मायदेशी परतला, आणि मायदेशाने त्याला काय दिले? स्वतंत्र भारतात पाश्चात्त्य पद्धतीचे शिक्षण घेतलेल्या रचनाकाराला पगारी वाद्यवृंद नव्हता, त्याची रचना छापणारा प्रकाशक नव्हता, ती वाजवून घेणारे सरकारी खाते नव्हते. १९६० ते १९६५ दिल्ली विद्यापीठात त्यांनी पाश्चात्त्य संगीतशास्त्र शिकवले. उपजीविकेचा दुसरा आणि मोठा मार्ग जाहिरातींचा होता. शक्ती सिल्क साड्यांच्या जाहिरातीपासून त्यांनी सुरुवात केली. साबण, कापड, रंग यांच्या जिंगल्स ते बांधत गेले. त्यांची संख्या सात हजारांवर गेली, असे सांगितले जाते. आकड्यात थोडे कमीअधिक धरले तरी अर्थ बदलत नाही. बूलांजेच्या शिष्याचे सर्वांत अधिक श्रम कोणाच्या वाट्याला गेले असतील, तर ते विक्रेत्यांच्या. जिंगलवर कधी कोणाचे नाव नसते. ती मालाबरोबर ओळखली जाते आणि मालाबरोबरच विसरली जाते.

श्याम बेनेगल हेही जाहिरातपटांच्याच जगातून आले. १९७४ चा ‘अंकुर’ ज्या ब्लेझ कंपनीने काढला, ती चित्रपटगृहांत जाहिरातपट वितरित करणारी कंपनी होती. आपण ज्याला समांतर चित्रपट म्हणून गौरवतो, त्याचे बी असे बाजाराच्याच वाफ्यात रुजले. हा कमीपणा नव्हे. परिस्थिती तशीच होती. ‘अंकुर’पासून भाटिया आणि बेनेगल यांची जोडी जमली, ती पुढे जवळजवळ प्रत्येक चित्रपटात टिकली.

त्या कामाची जात काय होती, हे ‘भूमिका’ (१९७७) ऐकल्यावर कळते. हंसा वाडकरांच्या ‘सांगत्ये ऐका’वर आधारलेल्या या चित्रपटात नायिकेचे आयुष्य बोलपटाच्या आरंभापासून पुढे अनेक वर्षे पसरलेले आहे, आणि प्रत्येक काळातले चित्रपटगीत त्या त्या काळचेच वाटले पाहिजे. भाटियांनी त्या चाली अशा बांधल्या की, जुन्या रेकॉर्डी कोठून मिळवल्या असा भास व्हावा. ज्याचे कान पूर्व आणि पश्चिम या दोन्ही परंपरांत तयार झाले आहेत, त्यालाच हे साधते. ‘३६ चौरंगी लेन’ आणि ‘कलयुग’ (दोन्ही १९८१), ‘जाने भी दो यारो’ (१९८३), ‘मंडी’ (१९८३), ‘मोहन जोशी हाजिर हो’ (१९८४), ‘त्रिकाल’ (१९८५) या चित्रपटांतील कोणताही प्रसंग आठवावा. संगीत तेथे आपली हुशारी दाखवीत पुढे येत नाही, आणि काढून घेतले तर प्रसंग कोसळतो.

मग दूरदर्शन आले. ‘खानदान’, ‘यात्रा’, आणि १९८८ मध्ये ‘तमस’ व ‘भारत एक खोज’. फाळणीच्या दंगलींवरील ‘तमस’ थांबवण्यासाठी न्यायालयात धाव घेतली गेली. मुंबई उच्च न्यायालयाने आणि मग सर्वोच्च न्यायालयाने मालिकेच्या बाजूने कौल दिला. या मालिकेच्या संगीताबद्दल भाटियांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. नेहरूंच्या ग्रंथावरील ‘भारत एक खोज’चे ५३ भाग झाले. ऋग्वेदातील नासदीय सूक्ताला त्यांनी जो समूहस्वर दिला, तो त्या पिढीच्या कानांत अजून आहे. ज्यांना सूक्ताचा अर्थ ठाऊक नव्हता, त्यांनाही रविवारच्या सकाळी तो स्वर ऐकताना काहीतरी विशाल उलगडत असल्याचे जाणवले. १९८९ मध्ये संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार झाला, २०१२ मध्ये पद्मश्री झाली. त्याच वर्षी गिरीश कार्नाडांच्या नाटकावर त्यांनी रचलेल्या ‘अग्निवर्षा’ या ऑपेराचे पहिले दोन अंक सादर झाले, ते न्यूयॉर्कमध्ये. ज्या देशाच्या मातीतली ती कथा, त्या देशात त्यासाठी रंगमंच मिळाला नाही.

‘मंथन’ने शिकवलेला आणि आपण विसरलेला धडा

आता १९७६ च्या ‘मंथन’कडे वळू. या चित्रपटाचा निर्माता कोणी शेठ नव्हता. गुजरातमधील पाच लाख दूध उत्पादकांनी प्रत्येकी दोन रुपये देऊन तो काढला. पटकथा विजय तेंडुलकरांची. विषयही त्यांच्याच जीवनाचा : गावातील दुग्धव्यवसायाचा खाजगी मालक शेतकऱ्यांचे दूध मातीमोल भावाने घेतो, आणि सहकारी संस्था उभी राहिल्यावर त्याच्या पायाखालची जमीन सरकते.

महाराष्ट्रात डेअरीला दूध घालणाऱ्या कोणत्याही शेतकऱ्याला हा हिशेब समजावून सांगावा लागत नाही. दुधाला फॅट किती लागली ते त्याच्यादेखत मोजले जाते, त्याप्रमाणे दर मिळतो. पण गोष्ट तेथे संपत नाही. वर्षभर संघाने ते दूध, लोणी, भुकटी विकून जे अधिक मिळवले, त्यातला वाटा दिवाळीच्या सुमारास ‘दरफरक’ म्हणून उत्पादकाच्या पदरात पडतो. या दरफरकात सहकाराचा सगळा आत्मा आहे. दूध एकदा डेअरीत गेले म्हणजे उत्पादकाचा संबंध संपला, असे सहकार मानत नाही. माल पुढे ज्या किमतीला गेला, त्या किमतीवर मूळ कष्टकऱ्याचा हक्क राहतो, असे तो मानतो. खाजगी मालक आणि संघ यांत फरक तो हाच.

‘मंथन’साठी भाटियांनी एक लोकगीताच्या वळणाचे गीत बांधले, प्रीती सागर यांनी ते गायिले आणि त्यांना त्याबद्दल फिल्मफेअर पारितोषिकही मिळाले. हे गीत पुढे चित्रपटाच्या बाहेर आले. ‘अमूल’च्या दूरदर्शनवरील जाहिरातींत ते वाजले, आणि ज्यांनी ‘मंथन’ पाहिलेला नाही अशा लाखो लोकांच्या ओळखीचे झाले. गायींच्या कळपामागून चालणाऱ्या बायका आणि ती चाल यांची सांगड लोकांच्या मनात कायमची बसली.

येथे कोणा एका संस्थेवर आरोप करावयाचा नाही. प्रश्न तत्त्वाचा आहे. ज्या चित्रपटाने दूध उत्पादकाच्या दरफरकाची बाजू मांडली, त्याच चित्रपटाच्या संगीतकारासाठी या देशात दरफरकाची कसलीही कायदेशीर व्यवस्था नव्हती. चाल एकदा दिली, ठरलेले पैसे घेतले, की त्याचा संबंध संपला. मग ती चाल दहा वर्षे वाजो की चाळीस. पडद्यावरच्या गावात जो न्याय आपण टाळ्या वाजवून स्वीकारला, तो ध्वनिमुद्रणाच्या खोलीत नेण्याचे आपल्याला सुचले नाही.

कायदा कोणाच्या बाजूने उभा राहिला?

१८४७ साली, म्हणजे साम्यवादी जाहीरनामा निघण्याच्या आदल्या वर्षी, पॅरिसमधील एका उपाहारगृहात एर्नेस्ट बूर्झे नावाचा गीतकार बसला होता. त्याने साखरेचे पाणी मागवले, प्यायले आणि पैसे देण्यास नकार दिला. तेथील वाद्यवृंद त्याची रचना फुकट वाजवीत होता. तुम्ही माझे फुकट घेता, मग मीही तुमचे फुकट घेतो, असे त्याचे म्हणणे. प्रकरण न्यायालयात गेले आणि बूर्झे जिंकला. त्यातून १८५१ मध्ये फ्रान्समधील रचनाकारांची वसुली संस्था उभी राहिली. भाटिया ज्या पॅरिसमध्ये शिकले, तेथे हा हक्क शंभर वर्षे जुना होता. ते ज्या मुंबईत परतले, तेथे त्याचा मागमूस नव्हता.

आपला स्वामित्वहक्काचा कायदा १९५७ चा. त्यात संगीतरचनेची व्याख्या अशी होती की, जी कागदावर उतरवली गेली तीच रचना. ज्या देशाचे सारे संगीत कंठातून कंठात गेले, त्या देशाने हा साहेबी नियम जसाच्या तसा उचलला, आणि १९९४ ची दुरुस्ती होईपर्यंत तो कायम ठेवला. १९६९ मध्ये संगीतकार-गीतकारांची संस्था स्थापन झाली, तिने आपले दर जाहीर केले, आणि निर्माते व चित्रपटगृहवाले तिच्याविरुद्ध उभे ठाकले. हे भांडण सर्वोच्च न्यायालयात गेले. मार्च १९७७ मध्ये निकाल लागला : निर्मात्याने मोबदला देऊन चित्रपटासाठी रचना करवून घेतली असेल आणि उलट करार झालेला नसेल, तर तिचा पहिला मालक निर्माताच. न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांना या स्थितीची खंत वाटली असावी. १९५७ च्या केरळमधील मंत्रिमंडळातून आलेले हे न्यायाधीश. त्यांनी निकालाला स्वतंत्र टिपण जोडून गायकाला कायद्यात कोणताच हक्क नाही याकडे संसदेचे लक्ष वेधले. संसदेला गायकांचा हक्क मान्य करावयास सतरा वर्षे लागली, आणि संगीतकाराचा वाटा मान्य करावयास पस्तीस.

काळाचा मेळ पाहावा. ‘भूमिका’ ज्या वर्षी आला त्याच वर्षी हा निकाल आला. भाटियांच्या कारकीर्दीचा सर्वांत फलदायी काळ, १९७७ पासून पुढची दोन दशके, या निकालाच्या छायेत गेला. २०१२ च्या मे महिन्यात संसदेने कायदा बदलला. राज्यसभेत जावेद अख्तर यांनी त्यासाठी झुंज दिली. चित्रपटगृहात चित्रपटासोबत होणारे प्रदर्शन सोडून, रचनेचा अन्यत्र कोठेही वापर झाला तर त्या उत्पन्नात रचनाकाराचा समान वाटा राहील. तो त्याला सोडून देता येणार नाही, आणि सोडून दिल्याचा करार केला तरी तो निरर्थक ठरेल, अशी ही तरतूद आहे. संगीतकाराचा दरफरक तो हाच. मात्र तो आला तेव्हा भाटिया पंच्याऐंशी वर्षांचे होते. आणि जुन्या करारांचे काय, या प्रश्नावर वाद घालण्यास वकिलांना भरपूर जागा शिल्लक राहिली.

आक्षेप आणि उत्तरे

पहिला आक्षेप : करार तर त्याने राजीखुशीने केला होता ना? हेच वाक्य आपण गिरणीच्या दारात, उसाच्या फडात आणि वीटभट्टीवर ऐकलेले आहे. ज्याच्यापाशी श्रमाखेरीज दुसरे काही नाही आणि ज्याच्याजागी दुसरा माणूस उद्या उभा करता येतो, त्याची राजीखुशी किती राजी आणि किती खुशी, हे आपण जाणतो. म्हणूनच उपदान आणि भविष्यनिर्वाह निधी यांचा हक्क कामगाराने करारात सोडून दिला तरी कायदा तो सुटला असे मानत नाही. २०१२ च्या तरतुदीने हेच तत्त्व संगीतकाराला लावले.

दुसरा आक्षेप : धोका निर्माता पत्करतो, चित्रपट पडला तर संगीतकार तोटा भरून देतो काय? युक्तिवाद वरकरणी बिनतोड आहे. पण कायद्याने चित्रपटगृहाचे उत्पन्न निर्मात्याकडेच ठेवलेले आहे. रचनाकाराचा वाटा आहे तो त्यानंतरच्या वापरात : जाहिरातीत, नभोवाणीवर, ध्वनिफितींत आणि आजच्या भ्रमणध्वनीवर. तेथे धोका असा फारसा उरलेला नसतो. तेथे असते ती गाजलेल्या चालीची आयती कमाई.

तिसरा आक्षेप थोडा बोचरा आहे. विलायतेत शिकलेल्या, मुंबईच्या उच्चभ्रू वस्तीत राहणाऱ्या, विलायती भांडी विकणाऱ्या माणसासाठी श्रमिकांच्या चळवळीने अश्रू का ढाळावेत? अश्रू ढाळू नयेत, असेच आमचेही मत आहे. हक्क हा दारिद्र्याचा दाखला पाहून द्यावयाचा नसतो. तशी दिली जाते ती भिक्षा. शिवाय एवढ्या पदकांच्या, पुरस्कारांच्या आणि नावाच्या माणसाची ही गत झाली असेल, तर ज्यांची नावे श्रेयनामावलीतही आली नाहीत त्यांची काय झाली असेल, हा प्रश्न आपण याच दारातून आत जाऊन विचारू शकतो.

तो विचारावाच. मुंबईच्या चित्रपटसंगीताचा कणा गोव्याहून आलेल्या वादकांनी आणि संयोजकांनी उभा केला. माजोर्ड्याचे अँथनी गोन्साल्विस, शंकर-जयकिशन आणि ओ. पी. नय्यर यांच्यासाठी काम करणारे सेबास्टियन डिसोझा. चाल दुसऱ्याची असे, पण चाळीस-पन्नास वाद्यांनी काय वाजवावे हे ही माणसे रात्री जागून कागदावर लिहीत. गंमत पाहा. कायदा म्हणत होता की कागदावर लिहिलेले तेवढेच संगीत; आणि कागदावर लिहिणारा हा गोवेकर संयोजक कोणत्याच रचनेचा मालक नव्हता. चाल बांधणाऱ्याच्या हाती कागद नव्हता, कागद लिहिणाऱ्याच्या हाती हक्क नव्हता, आणि ज्याला सा आणि रे यांतला फरक कळत नसे त्याच्या हाती दोन्ही होते. गोन्साल्विस १९६५ च्या सुमारास अमेरिकेला निघून गेले. १९७७ मध्ये त्यांचे शिष्य प्यारेलाल यांनी त्यांचे नाव एका गाण्यात गुंफले, तेव्हा देशाला ते नाव कळले. तेही एका विनोदी पात्राचे म्हणून. त्यांच्यामागे तिसऱ्या रांगेत व्हायोलिन घेऊन बसणाऱ्याला दिवसाची मजुरी मिळे. चित्रपट कामगारांच्या कल्याणनिधीसाठी १९८१ च्या कायद्यानुसार प्रत्येक चित्रपटावर घेतला जाणारा उपकर २०१७ मध्ये वस्तू व सेवा कराच्या निमित्ताने रद्द झाला, याची बातमी किती जणांनी वाचली?

आपल्याच घरातील शंका

एक आक्षेप आपल्याच बाजूने येतो आणि त्याला टाळून जाणे प्रामाणिकपणाचे होणार नाही. औषधांवरील एकाधिकाराला आपण विरोध करतो, बियाणांवरील मालकीला विरोध करतो. मग चालीवरील मालकीचा पुरस्कार कसा करावा? ज्ञान आणि कला ही समाजाची ठेव आहे, असे म्हणणाऱ्यांनी रॉयल्टीची बाजू घ्यावी काय?

येथे दोन गोष्टींत भेद केला पाहिजे. औषधाच्या एकाधिकारात मालक इतरांना वापरापासून अडवतो आणि त्या अडवणुकीची किंमत वसूल करतो. संगीतकार कोणाला गाण्यापासून अडवीत नाही. शेतात भांगलताना बाई ती चाल गुणगुणते, तिच्याकडून कोणी दमडी मागत नाही. ज्याने त्या चालीवर पैसा मिळवला, त्याच्याकडून श्रमाचा वाटा मागणे एवढीच गोष्ट आहे. दुसरे असे की, २०१२ च्या तरतुदीतील वाटा कंपनीला विकता येत नाही. जी वस्तू विकता येत नाही, ती भांडवलाच्या अर्थाने मालमत्ताच नव्हे. तिचे नाते जमीनजुमल्याशी कमी आणि गिरणी कामगाराच्या उपदानाशी अधिक आहे. रचनाकाराच्या मृत्यूनंतर साठ वर्षे वारसांनी तो वाटा घ्यावा काय, यावर आपण खुशाल वाद घालू. तो वाद जिवंत माणसाची थाळी भरल्यावर घालू.

आणि आपणही थोडे आरशात पाहावे. कलावंताने ध्येयासाठी पदरमोड करावी, मानधनाचा विषय काढू नये, असा एक संस्कार आपल्या पुरोगामी वर्तुळांतही आहे. कलापथकाच्या दौऱ्यात झाडाखाली जेवून, ट्रकमध्ये झोपून ज्यांनी गाणी केली, त्यांचा तो त्याग खरा होता. पण दुसऱ्याच्या त्यागावर आपण हक्क सांगू लागलो. अण्णाभाऊ साठे १९६९ मध्ये गोरेगावात अभावात गेले. त्यांच्या नावाने आज पुतळे आहेत, महामंडळ आहे. जिवंतपणी हक्क आणि मरणानंतर हार, यांपैकी हार स्वस्त पडतो, म्हणून आपण नेहमी हारच निवडतो काय?

मागणी दयेची नाही

मग करावे काय? मागण्या साध्या आहेत. २०१२ पूर्वीच्या रचनांचा आज आणि उद्या जो वापर होईल, त्यातही रचनाकाराचा समान वाटा राहील, हे संसदेने निःसंदिग्ध शब्दांत सांगावे; वृद्धांना न्यायालयांच्या पायऱ्या चढावयास लावू नये. पार्श्वसंगीत हे गाण्याइतकेच संगीत आहे, म्हणून कोणत्या चित्रपटात, कोणत्या मालिकेत, किती मिनिटे कोणाचे संगीत वाजले याची नोंदवही प्रत्येक निर्मात्याने आणि वाहिनीने ठेवावी आणि ती सर्वांना पाहता यावी. त्या वहीत संयोजकांची आणि वादकांचीही नावे असावीत. सार्वजनिक प्रसारण संस्थेने या कामी पहिले पाऊल टाकावे, कारण ‘तमस’ आणि ‘भारत एक खोज’ ही जनतेची संपत्ती आहे, आणि जनतेने आपल्या कारागिरांचे देणे बुडवू नये. वृद्ध कलावंतांचे मानधन हे कोणाच्या शिफारशीवर मिळणारी मेहेरबानी न राहता, कामाच्या वर्षांवर ठरणारे निवृत्तिवेतन व्हावे. पद्मश्रीचे मानपत्र भिंतीवर शोभते. त्याने औषधांचे बिल भागत नाही.

२०२४ च्या मे महिन्यात ‘मंथन’ची जीर्णोद्धारित प्रत फ्रान्समधील कान महोत्सवात दाखवण्यात आली. रंग पुन्हा उजळले, आवाज स्वच्छ झाला. पाच लाख शेतकऱ्यांच्या दोन-दोन रुपयांची कहाणी जगाने पुन्हा ऐकली आणि तिचे कौतुक झाले. भाटिया जाऊन तेव्हा तीन वर्षे झाली होती. त्या चित्रपटातील शेतकरी अखेरीस एक गोष्ट शिकतो : आपले दूध कोणी उदार होऊन नीट मोजणार नाही, मोजमाप आपल्याच हाती घ्यावे लागते. संगीतकारांनी, गीतकारांनी, वादकांनी आणि त्यांच्यावर प्रेम करणाऱ्या आपण सर्वांनी ते शिकण्यास आधीच फार उशीर केला आहे.